पाहुणे कोणाकडचे?

डोक्यावरचं पागोटं एकदा चाचपून बघा. बोडक्या डोक्याने या पुण्यात रस्त्यावर आलात, तर घरात कोणी गेलं की काय, असं लोक विचारतील. खिशात हात घालू नका, तिथे काही नाही. आज रविवार, ३० नोव्हेंबर १८७३. मार्गशीर्षाचा शुद्ध पक्ष आहे, त्यामुळे ऊन कलायच्या आधीच पूर्वेला चंद्र वर आला आहे. पुण्याला रेल्वे येऊन पंधरा वर्षं झाली, खडकवासल्याच्या धरणाचं काम चालू आहे, पण पेठांना पाणी अजून कात्रजच्या तलावातून नळाने येतं आणि हौदांत पडतं. हौदावर घागरी भरतात, बातम्याही भरतात. आज सगळीकडे एकच बातमी आहे: सबजज्ज माधवराव रानड्यांचं लग्न.

"विधवाविवाहवाले ना हे? मग मिळाली नाही वाटतं विधवा!" एक गृहस्थ मोठ्याने म्हणतात, आणि तुम्ही हसावं अशी त्यांची अपेक्षा आहे.

"पोर अकरा वर्षांची आहे म्हणे."

"बापाने ठरवलं. बापापुढे कोणाचं चालतं?"

"मुंबईच्या सभेत चालतं की."

तुम्ही हसू नका आणि वादही घालू नका. आज ज्याला माधवरावांबद्दल काही बोलायचं आहे, त्याच्याजवळ भरपूर मसाला आहे. विधवाविवाहाला उत्तेजन देणारं मंडळ १८६६ सालचं, आणि माधवराव त्यातल्या पुढच्या माणसांपैकी. १८६९ साली मुंबईत या मंडळींनी एक विधवाविवाह उघडपणे लावला. त्यावरून पुढच्या वर्षी याच पुण्यात शंकराचार्यांपुढे वाद झाला, शास्त्राधार निघाले, आणि विष्णुशास्त्री पंडित, माधवराव यांच्यासह सुधारकांवर बहिष्कार पडला. म्हणजे या माणसाने बोलण्याची किंमत मोजलेली आहे. पण गेल्या ३ ऑक्टोबरला त्यांची पत्नी सखूबाई क्षयाने गेली, आणि अजून दोन महिनेही झाले नाहीत तोवर ते अंतरपाटासमोर उभे राहणार आहेत. समोर विधवा नाही, कुमारिका आहे. पुण्याला याहून जास्त काय हवं?

चला, लग्नघराकडे. ओसरीवर कोणी विचारलंच की पाहुणे कोणाकडचे, तर वाईकडचे म्हणू नका. वाई हे सखूबाईंचं माहेर. सातारकडचे म्हणा, ते खपेल. मुलगी सातारा जिल्ह्यातल्या देवराष्ट्र्याच्या कुर्लेकरांची, नाव यमुना. (याच देवराष्ट्र्यात चाळीस वर्षांनी यशवंतराव चव्हाण जन्मतील, पण ते आत्ता कोणाला सांगायला जाऊ नका.) कुर्लेकर जुने जहागीरदार. मुलीला स्थळ बघायला पुण्यात आले आणि त्यांची गाठ माधवरावांच्या वडिलांशी, गोविंदरावांशी पडली.

ओसरीवर बसलेल्या मंडळींना जे ठाऊक नाही, ते तुम्हाला ठाऊक आहे. कारण ते सदतीस वर्षांनी छापून येणार आहे, आणि आज आत मुंडावळ्या बांधून बसलेली पोरच ते लिहिणार आहे. सखूबाई गेल्यावर गोविंदरावांना एकच धास्ती लागली: मुंबईचे मित्र आता माधवरावांना विधवेशी लग्न करायला लावतील. म्हणून त्यांनी मुलाचं टपाल आधी स्वतःकडे आणवायला सुरुवात केली. प्रथम वर्गाचा सबजज्ज, रोज दुसऱ्यांच्या भांडणांचा निकाल देणारा, आणि त्याची पत्रं बाप चाळतो आहे! माधवरावांनी मुदत मागितली. विधवेशी लग्न करणार नाही, असा शब्द द्यायचीही तयारी दाखवली. कुर्लेकरांना एकटं गाठून आपल्याबद्दल सांगता येईल तेवढं वाईट सांगितलं: मी सुधारक आहे, विलायतेला जायचा विचार आहे, परत येऊन प्रायश्चित्त घेणार नाही, तुमच्यासारख्या जुन्या घराण्याने मला मुलगी का द्यावी? कुर्लेकर हलले नाहीत. गोविंदरावांनी त्यांना सगळं आधीच सांगून ठेवलं होतं.

या सगळ्या बोलण्यात माधवरावांनी बापापुढे एक मुद्दा मांडला, तो मात्र नीट ऐका. घरात त्यांची धाकटी बहीण दुर्गा आहे. ती विधवा आहे. तिच्या दुसऱ्या लग्नाचं कोणाच्या मनातही येत नाही, मग तिच्याहून मोठ्या असलेल्या माझ्याच लग्नाची घाई कशाला?

मुद्दा बिनतोड होता. बापाने तो खोडला नाही, बाजूला ठेवला. मी कोल्हापूरला निघून जातो, तुझा-माझा संबंध संपला, असं म्हणाले, आणि माधवराव गप्प झाले.

गोरज मुहूर्त. वाजंत्री नाही, वरात नाही, रुसवेफुगवे नाहीत, जेवणावळ नाही. लौकिक काही करायचं नाही, फक्त वैदिक विधी, ही नवऱ्या मुलाची अट. मंत्र म्हटले जातात, अक्षता पडतात, तुमच्याही हातातल्या पडतात. नवरदेव एकतीस वर्षांचे, धिप्पाड, डोळ्यांनी अधू. नवरीची मान इतकी खाली आहे की तोंड दिसत नाही. विधी आटोपतात, माधवराव उठतात, खोलीत जातात आणि दार लावून घेतात. जेवायलाही बाहेर येत नाहीत.

ओसरीवरचे लोक त्या बंद दाराकडे बघतात. काहींना कीव येते, काहींना मजा वाटते. 'बोलका सुधारक' हा शिक्का त्यांच्या कपाळावर बसला तो इथे, आणि पुसण्याचा त्यांनी कधी फारसा प्रयत्नही केला नाही.

तुमचं काय मत? माझं विचाराल तर बंद दाराआडच्या दुःखाने मी पाघळत नाही. माणूस एकतीस वर्षांचा होता, कमावता होता, कायदा कोळून प्यायलेला होता. बापाचा राग ही खरी शिक्षा होती, कबूल. पण त्या रागापुढे मान तुकवताना त्याने आपल्यासोबत एका मुलीचंही आयुष्य त्या मांडवात आणलं. तेव्हाचं दंडविधान १८६० सालचं, त्यात संमतीचं वय दहा. म्हणजे अकरा वर्षांच्या मुलीच्या लग्नात कायद्याच्या दृष्टीने वावगं काहीच नव्हतं. १८९१ साली हे वय बारा करण्याचा कायदा येईल, तेव्हा तो व्हावा म्हणून झगडणाऱ्यांत हेच माधवराव असतील, आणि विरोधक त्यांना आजची तारीख विसरू देणार नाहीत, हे सांगायला ज्योतिषी नको.

पागोटं अजून काढू नका. पंचवीस दिवस पुढे सरका, २५ डिसेंबर. पुणे तेच, पेठ वेगळी. आणखी एक लग्न आहे, सीताराम जबाजी आल्हाट आणि राधा यांचं. भटजी शोधू नका, सापडणार नाही. जोतीराव फुल्यांनी सप्टेंबरात, म्हणजे सखूबाई जाण्याच्या जेमतेम नऊ दिवस आधी, सत्यशोधक समाज काढला, आणि ब्राह्मण पुरोहितावाचून लागणारं त्या समाजाचं हे पहिलं लग्न. इथेही लोक जमले आहेत, इथेही नजरा आहेत. पण नवरा-नवरी एकमेकांना शब्द देतात आणि तो शब्द त्यांना कळतो, कारण तो मराठीत आहे. जोतीरावांनी १८६३ सालीच ब्राह्मण विधवांसाठी बाळंतपणाचं घर उघडलं, घरात सावित्रीबाई त्यांच्या बरोबरीने उभ्या. रानड्यांच्या ओसरीवरची मंडळी इकडे फिरकत नाहीत. माधवरावांना ती टोमणे मारतात कारण ते आपले आहेत. जोतीरावांना टोमणे मारून भागत नाही, हे त्यांना ठाऊक आहे. एका महिन्याच्या आत, एकाच गावात ही दोन लग्नं लागली. माधवरावांपुढे दुसरा रस्ता नव्हता असं कोणी म्हणालं, तर त्याला या मांडवात आणून बसवा.

आता कपडे बदलायचे. पागोट्याने ओसरीपर्यंतच पोचता येतं. पुढच्या प्रवासाला नऊवारी लुगडं, अंबाडा आणि ठसठशीत कुंकू, कारण आपल्याला माजघरात बसायचं आहे. या नाटकाचे प्रेक्षक आजवर पुरुष होते, आणि त्यांना माजघर कधी दिसलं नाही.

पहिला थांबा त्याच वर्षी, मुलीचे वडील देवराष्ट्र्याला परत गेले त्या रात्रीचा. यमुनेची आता रमा झाली आहे. तिच्या माहेरी मुलींना अक्षरओळख नाही. वाचणारी बाई विधवा होते, अशी बायकांची पक्की समजूत. माधवराव तिला विचारतात, तुझं लग्न झालं तो मी कोण, माझं नाव काय, तुला ठाऊक आहे का? ती सांगते. मग लिहिता-वाचता येतं का, विचारतात. नाही. पाटी-पेन्सिल येते. दोन तास खपून 'श्रीगणेशाय नमः'ची सात अक्षरं होतात. याच माणसाच्या रात्री तुकारामाचे अभंग वाचत, सखूबाईंच्या आठवणीने रडत जात आहेत, हेही त्या पोरीला दिसतं. तिला त्याचा राग आला की नाही, ते तुम्ही तिला आज विचारू शकत नाही. ती अकरा वर्षांची आहे आणि तिला झोप आली आहे.

आता माजघर. दिवस उजाडल्यापासून निजानीज होईपर्यंत इथे बायकाच बायका. सासवा, आश्रित, नातेवाईक आणि वन्सं. वन्सं म्हणजे दुर्गाबाई. रमा पाटी घेऊन वर जाते तेव्हा खाली भांडी जरा जोरात आपटतात. माधवरावांना समोरून कोणी काही बोलत नाही. घरचे कर्ते ते. सगळं बोलणं रमेच्या वाट्याला. ती मराठी शिकली तोपर्यंत निभलं. इंग्रजी सुरू झालं तेव्हा धुसफूस वाढली. नवऱ्याने सांगितलं म्हणून काय झालं, बायकोने ऐकलंच पाहिजे का? मोठ्यांच्या घरात असं चालत नाही. ओसरीवर माधवरावांना कोणी भित्रे म्हणत असेल, माजघरात त्यांच्या धाडसाचा फटका रमेला बसतो. आणि नवऱ्याचा उपदेश काय, तर सोसावं, उलट बोलू नये. रात्री ती त्यांच्या तळपायांना तूप चोळते तेव्हा थोडं बोलणं होतं. नवरा-बायकोचा खासगी वेळ म्हणाल तर तेवढाच.

पुढे मुलींच्या इंग्रजी शाळेची मागणी पुढे आली, तेव्हा गव्हर्नरसाहेबांसमोर भरसभेत रमाबाईंनी इंग्रजीत निवेदन वाचलं. १८८४ साली ती शाळा निघाली, हुजूरपागेतली. बाहेर टाळ्या पडल्या. तुम्ही मात्र घरी थांबा आणि ती परतल्यावर माजघरातला आवाज ऐका. इतक्या पुरुषांसमोर इंग्रजी झाडलं, लाज कशी वाटली नाही! सगळ्यांत तिखट वन्संच.

इथे थोडं थांबू या. रमाबाईंना छळणारी नणंद म्हणून दुर्गाबाईंची वासलात लावणं फार सोपं आहे. त्यांच्या जागी बसून बघा. भावाने बापाशी वाद घालताना तुमचं नाव घेतलं. तुमच्या आयुष्याची किंमत वादातल्या एका मुद्द्याएवढी ठरली, आणि मुद्दा हरल्यावर तोही संपला. त्या दिवशी तुम्हाला कोणी विचारलं नाही, नंतरही नाही. भाऊ देशातल्या विधवांसाठी सभांमधून बोलतो आणि घरी आल्यावर त्याला वाढणाऱ्यांत तुम्ही असता. त्याच्या नव्या बायकोसमोर मात्र पाटी येते, पुस्तक येतं, मोठ्या सभेतली खुर्ची येते. मग सोवळं-ओवळं, रीतभात, थोरामोठ्यांचा मान एवढ्याच गोष्टींवर तुमचा हक्क उरतो. त्या तुम्ही घट्ट धराल की नाही? माझा तर्क आहे, माझ्याजवळ त्यांचा कागद नाही. पण लोक एवढी वर्षं माधवरावांना विचारत राहिले की तुम्ही विधवेशी लग्न का केलं नाही. तुमच्या बहिणीचं काय, हे त्यांना कोणी तितक्या मोठ्याने विचारलं नाही. विचारलं असतं, तर ओसरीवरच्या प्रत्येकाला आपापल्या घरातल्या विधवेकडे वळून बघावं लागलं असतं.

मध्ये काही वर्षं हे जोडपं पुण्याबाहेर होतं, आधी नाशिक, मग १८७९ साली धुळे. नाशकात मोठ्या कुटुंबाचा पहारा नव्हता आणि तिथे इंग्रजी भराभर पुढे गेलं. धुळ्याला मात्र वेगळाच पहारा. वासुदेव बळवंत फडक्यांचं बंड झालेलं, पुण्यात बुधवारवाड्याला आग लागलेली, आणि सरकारच्या मनात माधवरावांबद्दल संशय. त्यांचं टपाल उघडून वाचलं जाई. फडक्यांच्या नावाने बनावट पत्रं येत, ती माधवराव सरळ पोलिसांकडे पाठवून देत. सहा वर्षांपूर्वी बापाने पाकिटं अडवली, आता साहेब अडवतो.

पुढचा थांबा १४ ऑक्टोबर १८९०, पंच हौद मिशन. व्याख्यान झालं, मग मिशनमधल्या बायकांनी चहा-बिस्किटं पुढे केली. कोणी घेतला, कोणी पेला नुसता हातात धरला, कोणी बाजूला ठेवला. टिळकही होते, माधवरावही. त्या दिवशी काही बिघडलं नाही. मग गोपाळराव जोशांनी, म्हणजे आनंदीबाईंच्या नवऱ्याने, हजर असलेल्यांची यादी 'पुणे वैभव'मध्ये छापून आणली. आपल्या बायकोला शिकायला अमेरिकेला पाठवून जगभर चर्चेचा विषय केलेला हा माणूस. दुसऱ्याचा चहा चव्हाट्यावर आणण्यात त्याला किती मौज वाटली असेल, याची कल्पना करा. यादी निघाली आणि ग्रामण्य उभं राहिलं. शंकराचार्यांकडे तक्रार, चौकशीला शास्त्री, बहिष्कार.

लुगडं नेसलेलंच असू द्या, कारण ग्रामण्याचा अर्थ माजघरातच कळतो. बाहेर वर्तमानपत्री खडाजंगी. आत श्राद्धाला ब्राह्मण मिळत नाही. ज्यांच्या मुली दिल्या घरी आहेत त्यांच्या मुलींना माहेरी पाठवायला सासरचे तयार नाहीत. ज्यांच्या द्यायच्या आहेत त्यांची स्थळं अडतात. चहा पुरुषांनी घेतला, सणाला माहेरची वाट बायका बघत बसल्या.

१८९२चा उन्हाळा, लोणावळा. सुट्टीत मंडळी इथे राहायला आली आहेत. एका स्नेह्याचं घर या बहिष्काराने पिळवटून निघालं आहे. माधवरावांनी प्रायश्चित्त घेतलं तर त्यालाही घेता येईल आणि घरचे सुटतील. माधवराव गाडीने पुण्याला जातात, प्रायश्चित्त घेतात, परत येतात. रमाबाईंना हे आवडलेलं नाही. त्या आता तिशीच्या आहेत, त्यांचं स्वतःचं मत आहे, आणि ते नवऱ्याच्या वागण्याहून जास्त कडक आहे. पाटीवर सात अक्षरं शिकवली त्याचा हा परिणाम, असं तुम्हाला म्हणावंसं वाटेल, आणि ते बरोबरच आहे. बाहेर सुधारकांनीच माधवरावांवर हत्यार उपसलं: १८७३ साली वाकले, आता पुन्हा वाकले. मला ही दोन वाकणी एक वाटत नाहीत. पहिल्या वेळी त्यांनी स्वतःचा वाद सोडला आणि त्याचा भार एका मुलीवर पडला. दुसऱ्या वेळी दुसऱ्यांचा भार उतरावा म्हणून त्यांनी स्वतःचं नाव खराब करून घेतलं. पण दोन्ही वेळा छापून आलं ते एकच.

१८९३ साली ते हायकोर्टाचे जज्ज झाले, कुटुंब मुंबईला गेलं. १६ जानेवारी १९०१ रोजी माधवराव गेले तेव्हा रमाबाईंना एकोणचाळीस पुरी व्हायला नऊ दिवस कमी होते. आता त्या स्वतः विधवा. सखूबाई गेल्यावर महिन्याभरात माधवरावांसाठी स्थळं बघायला निघालेला तोच समाज.

१९१० साली त्यांचं पुस्तक आलं, 'आमच्या आयुष्यातील काही आठवणी'. प्रस्तावना गोखल्यांची, गोपाळ कृष्णांची. ते विकत घ्या आणि माजघरातच बसून वाचा. बंद दार आहे, पाटी आहे, तूप आहे, वन्संचे शब्द आहेत, बापाने अडवलेलं टपाल आहे. नवऱ्याची बाजू घेतली आहे, पण झाकपाक केलेली नाही. सबंध पुणं ज्या लग्नाबद्दल सदतीस वर्षं बोलत होतं, त्यातल्या नवरीने पहिल्यांदा तोंड उघडलं. तोपर्यंत सेवासदनाचं कामही सुरू झालं होतं. तिथे शिकायला आणि पुढे ससून रुग्णालयात परिचारिकेचं काम शिकायला ज्या बायका आल्या, त्यांत विधवा पुष्कळ होत्या. त्यांतल्या एखादीच्या शेजारी बसा. ती भावाच्या घरातून आली असेल, तर तिला येऊ कोणी दिलं आणि मागे घरात कोण काय म्हणालं, ते विचारा. लुगडं परत करायची घाई नाही.